लाल टोक बाहेर

श्रीनिवास मोडकांच्या डोक्यावर हातोडीचे सात घाव होते. पहिल्याच घावात माणूस गेला असावा, उरलेले सहा नुसते रागाचे, असं डॉक्टरांचं मत पडलं. हातोडी तबल्याची होती आणि मोडकांचीच होती. दांडा पुसून ती त्यांच्या मांडीवर ठेवलेली होती. भिंतीशी टेकलेल्या तानपुऱ्याच्या भोपळ्यावर रक्त उडून वाळलं होतं. मृताच्या उजव्या मुठीत ध्वनिफितीचा तुकडा होता. वीतभर लाल आणि त्यापुढे दीड हात तपकिरी.

अनंत उपळेकरांनी हे बुधवारच्या पेपरात वाचलं आणि अर्धा चहा तसाच ठेवला.

अडुसष्ट वर्षांचा हा माणूस. चाळीस वर्षं कॉलेजच्या ग्रंथालयात गेलेली. रक्त पाहिलं ते पुस्तकात. निवृत्तीनंतर पद्मजा खांबेटे यांच्या कोथरूडच्या कचेरीत कागद लावून द्यायला ते येऊ लागले. पद्मजाबाई विमा कंपनीत पंचवीस वर्षं खोटे दावे पकडत होत्या. आता त्या स्वतःची तपाससंस्था चालवत. त्यांना माणूस दारातून आत येईपर्यंत अर्धा कळलेला असे. आपला इथे नेमका उपयोग काय, हा प्रश्न अनंतरावांना रोज जिना चढताना पडायचा. उत्तर सापडायच्या आत जिना संपायचा.

त्या दिवशी ते वर पोचले तेव्हा खुर्चीत एक तरुण बाई बसली होती. अंगावर नर्सचा पांढरा गणवेश, बाहीवर तपकिरी डाग.

"या, अनंतराव. या दीपमाला वानखडे. मोडकांचा खून यांच्या भावाने केला असं पोलीस म्हणतात."

"त्यानं नाही केला जी," दीपमाला म्हणाली. आवाजात यवतमाळ होतं. "हे रक्त त्याचंच आहे. पाच तास त्याच्याजवळ बसली होती मी."

तिचा भाऊ तेजस संगणकाच्या कंपनीत होता. 'खुली बैठक' नावाची वेबसाइट चालवायचा. जुन्या खासगी बैठकींची ध्वनिमुद्रणं लोक तिथे पाठवायचे आणि कुणीही ती फुकट उतरवून घ्यायचं. मोडकांकडे अशा आठशे फिती होत्या. दोन महिन्यांपूर्वी एका सभागृहात मोडकांनी तेजसला 'चोर' म्हणत छत्रीने मारलं होतं. चारशे लोकांनी ते पाहिलं होतं.

"आणि मंगळवारी?"

"मोडककाकांनीच फोन करून बोलावलं. चार दहाला गेला, चार चाळीसला निघाला, बारा फिती घेऊन. काकांनीच दिल्या म्हणतो. सहा वीसला त्याच्या साइटवर कुणीतरी कुसुम शिरगावकरांची शेवटची बैठक पाठवली. ती फक्त काकांकडंच होती. याला वाटलं काकांनीच पाठवली. खुशीत पेढे घेऊन सात वाजता परत गेला."

"परत गेला?"

"प्रेत सापडून पंधरा मिनिटं झाली होती. सोसायटीतल्या लोकांनी धरला. गेटचे गज काढून मारला त्याला. प्लीहा फुटली, काढावी लागली. आता दवाखान्यात बेडी घालून ठेवलाय. शुक्रवारी कोर्टात नेणार म्हणतात, टाके ओले असताना." ती थांबली. "तिथवर तो टिकेल का, हे मी नर्स म्हणून सांगू की बहीण म्हणून?"

पद्मजाबाईंनी चष्मा काढला. "तुमचा भाऊ चोर आहे का?"

"गाण्याचा म्हणाल, तर लोकं म्हणतात तसं. माणसाच्या जिवाचा नाही."

"हं. खून करून पेढे आणणारा माणूस पंचवीस वर्षांत मी पाहिला नाही. पेढे घेऊन येणारे विमा मागायला यायचे." त्या उठल्या. "चला, अनंतराव."

---

मोडकांचा फ्लॅट पहिल्या मजल्यावर होता, सोसायटीच्या हॉलच्या बरोबर वर. निरीक्षक जगदाळे दारातच भेटले. ते पद्मजाबाईंना ओळखत होते आणि ओळखत असल्याचं त्यांना फारसं सुख नव्हतं.

"मॅडम, केस सरळ आहे. पोरानं म्हाताऱ्याला ठेचला, फीत पळवली, इंटरनेटवर टाकली. गेटच्या कॅमेऱ्यात मोठी पिशवी घेऊन जाताना दिसतोय."

"सरळ केसमध्ये माझी अडचण होणार नाही मग."

खोलीत जमिनीपासून छतापर्यंत फितींचे खोके होते. खुर्चीवरचा डाग अजून काळसर ओला वाटत होता. अनंतरावांनी नजर फिरवली आणि त्यांना कार्डांचे लाकडी खण दिसले. त्यांचा जीव जरा भांड्यात पडला. मृत माणसाचं अक्षर सुरेख होतं.

खोलीतली प्रत्येक वस्तू शिवलेल्या कापडी गवसणीत होती. तबला, डग्गा, दोन कॅसेट प्लेअर, पंख्याचा रेग्युलेटरसुद्धा. फितीचे स्पूल वाजवायचं मोठं यंत्र तेवढं उघडं होतं.

"याची गवसणी?" पद्मजाबाईंनी विचारलं.

"नसेल," जगदाळे म्हणाले.

"रेग्युलेटरला आहे आणि याला नसेल?"

अनंतरावांना हवं ते कार्ड सापडलं. त्यांनी हळूच वाचलं. "क्रमांक तीनशे बारा. कुसुम शिरगावकर. घरची बैठक, एकोणीसशे एकाहत्तर. बागेश्री. अठ्ठावन्न मिनिटे. यंत्रे दोन. लाल टोक बाहेर."

"लाल टोक म्हणजे?"

"प्रत्येक कार्डावर आहे ते. फितीच्या सुरुवातीला पांढरी पट्टी जोडायची, आवाज संपतो तिथे कापून लाल." अनंतराव उगाच खाकरले. "वाजवून झाली की उलटी गुंडाळायची नाही, तशीच ठेवायची. म्हणजे शेवट बाहेर राहतो. आमच्या कॉलेजात असं एक यंत्र होतं, त्याच्या पुस्तिकेतही हेच लिहिलं होतं. का, ते आता आठवत नाही. माझं चुकतही असेल."

"मग त्यांच्या मुठीत आहे ते गाण्याचं शेपूट."

"तसंच दिसतंय."

तीनशे बारा क्रमांकाचा खोका रिकामा होता.

---

दवाखान्यात तेजसचा चेहरा ओळखण्यापलीकडे होता. एक डोळा पूर्ण मिटलेला, ओठाला चार टाके. मनगटात बेडी, बेडीचं दुसरं टोक खाटेला. तो कुजबुजत बोलला.

"सरांनी छत्रीने मारलं ना, तेव्हा ओरडून सांगत होते, मी जमवायला आयुष्य घातलं, तू एका क्लिकवर वाटतोस. मी म्हटलं, सर, तुम्ही गेल्यावर तुमचा मुलगा भंगारात घालेल. त्यावर ते दोन महिने गप्प होते. मंगळवारी म्हणाले, घेऊन जा. सगळं हळूहळू नेऊ."

"कुसुमबाईंची फीत?"

"ती आज नाही म्हणाले. आधी एका माणसाला विचारायचंय."

"कुणाला?"

"नाही सांगितलं." त्याने डोळा मिटला. "लीगल आहे मॅडम. पन्नास वर्षं झाली, गाणाऱ्याचे राइट्स संपले, असं वकील म्हणाला."

"तुम्ही कधी कुणा गाणाऱ्याला विचारलंत?"

तेजसने बेडीतलं मनगट फिरवलं. मग म्हणाला, "ते सगळे वारलेत ना."

दुपारी कचेरीत अनंतरावांनी ती बैठक स्वतःच्या फोनवर उतरवून घेतली. दोन सेकंद लागले, पैसे लागले नाहीत, कुणी सही मागितली नाही. ग्रंथालयाचा शिक्का नसलेलं पुस्तक उचलल्यासारखं त्यांना वाटलं. कानाला हेडफोन लावून ते ऐकू लागले.

आधी नुसती खरखर. मग एका बाईचा स्पष्ट, जरा हुकमी आवाज. "तानपुरा जरा पुढे घ्या." त्यानंतर गाणं. असं गाणं, की अनंतराव बेचाळीस मिनिटं हलले नाहीत. शेवटी टाळ्या.

त्यांनी सुरुवात पुन्हा लावली. खरखर. आणि त्या खरखरीत, बाई बोलायच्या तीन सेकंद आधी, तेच वाक्य. अगदी पुसट, विहिरीच्या तळातून आल्यासारखं. तानपुरा जरा पुढे घ्या.

त्यांच्या अंगावर काटा आला. त्यांनी तिसऱ्यांदा ऐकलं. मग हेडफोन काढला. गेल्या महिन्यात कानाच्या डॉक्टरांनी सांगितलंच होतं, वयाप्रमाणे चालायचं.

"काय झालं?" पद्मजाबाईंनी विचारलं.

"काही नाही. छान गायल्यात."

---

मोडकांचा मुलगा सलिल आयटीत होता. बायको बाळंतपणाला माहेरी गेलेली. बापाच्या तेराव्याच्या आतच त्याने खोके मोजायला माणूस बोलावला होता.

"लपवत नाही," तो म्हणाला. "गेल्या दिवाळीत मी तीन फिती गॅलरीतून खाली फेकल्या होत्या. मेलेल्यांचं गाणं ठेवायला सगळी खोली, आणि येणाऱ्या बाळाच्या पाळण्याला कोपरा नाही. बाबांनी माझा गळा धरला होता तेव्हा. हे बघा." गळ्यावर जुना ओरखडा होता.

"मंगळवारी तीन वाजता ऑफिसातून निघालात. पावणेसातला प्रेत सापडलं तुम्हाला. मधे?"

"कात्रजला फ्लॅट बघत होतो. एजंटला विचारा."

"विचारलं. त्याला वेळ आठवत नाही."

"मग मी काय करू? मारून टाकू त्याला?" सलिल म्हणाला, आणि स्वतःच्याच शब्दाने पांढरा पडला.

अभिनव फाटक जुनं संगीत विकत घेणाऱ्या कंपनीचा माणूस. शर्ट इस्त्रीचा, बोलणं त्याहून कडक.

"तीन वर्षं मोडकांच्या मागे होतो मी त्या बैठकीसाठी. सोमवारी शेवटचं सांगून आलो, की तुम्हाला बघून घेईन. हो, म्हणालो. सोसायटीतल्या चौघांनी ऐकलं, तुम्हाला कुणीतरी सांगेलच."

"का रागावलात?"

"फुकट वाटणारा तो पोरगा चोर, आणि फुकट जमवणारा हा त्याचा काका. लोकांच्या घरी जाऊन, चहा पिऊन, यंत्र लावून बसायचं. गाणाऱ्याला दमडी नाही."

"तुमची कंपनी गाणाऱ्याला देते?" अनंतरावांनी खरंच माहीत नसल्यासारखं विचारलं. त्यांना खरंच माहीत नव्हतं.

अभिनवने एका झटक्यात त्यांची कॉलर धरली. शर्टाचं बटण तुटून टेबलाखाली गेलं. पद्मजाबाईंनी शांतपणे पेपरवेट उचलला.

"सोडा. हा माणूस प्रश्न विचारताना लाजतो. इतकी वर्षं लाजून एक विचारला, तर तुम्ही त्याचा शर्ट फाडता?"

अभिनवने हात सोडला. "मंगळवारी मी बाणेरला ऑफिसात होतो. एकटाच. आणि आता त्या बैठकीला कवडी किंमत नाही. जगभर फुकट मिळतेय."

---

कुसुमबाईंची मुलगी आनंदी शिरगावकर टिळक रस्त्याजवळ राहायची. वय बासष्ट. पाठ ताठ, केस पांढरे, साडीला चुणी नाही. बाहेरच्या खोलीत आईचा मोठा फोटो आणि त्यापुढे पितळी समई तेवत होती. समईखाली तेल सांडू नये म्हणून करड्या प्लॅस्टिकची चकती ठेवली होती, मधे तीन मोठी भोकं असलेली. खेळण्यातल्या गाडीचं चाक असावं असं अनंतरावांना वाटलं. जुन्या घरात काही फेकत नाहीत.

"त्या साइटवरचं तुम्ही ऐकलंत?" पद्मजाबाईंनी विचारलं.

"मी चोरीचं ऐकत नाही. तुम्ही ऐकलंत वाटतं?"

अनंतरावांनी मान खाली घातली.

"आईने आयुष्यात ध्वनिमुद्रण करू दिलं नाही," आनंदीताई म्हणाल्या. "ऐन बहरात असताना गाणं थांबवलं तिने, त्र्याण्णवला गेली. आमच्या घरात फीत नव्हती, यंत्रही नव्हतं. मोडकांनी त्या दिवशी लपवूनच केलं असणार."

"मोडकांच्या सोसायटीत तुम्ही वर्ग घेता."

"भजनाचा. दर मंगळवारी, पावणेपाच ते पावणेसहा, खालच्या हॉलमध्ये. मंगळवारीही होता. बारा जणी साक्षीला आहेत." त्यांचा स्वर कोरडा झाला. "वरती तो सगळा प्रकार होत असताना आम्ही खाली षड्ज लावत होतो. विचार करवत नाही."

"काही ऐकू आलं नाही?"

"पहिली पंधरा मिनिटं डोळे मिटून खर्ज भरायचा, हा माझा नियम. यंत्राचा तानपुरा मोठा लावते. बारा बायका एका सुरात लागल्या की वर छप्पर कोसळलं तरी कळत नाही."

निघताना पद्मजाबाईंनी त्यांच्या वर्गातल्या तिघींना फोन केले. तिघींनीही एकच सांगितलं. डोळे उघडले तेव्हा ताई समोर मांडी घालूनच बसल्या होत्या.

---

गुरुवारी सकाळी दीपमालाचा फोन आला. तेजसला आतून पुन्हा रक्तस्राव झाला होता आणि त्याला परत शस्त्रक्रियेला घेतलं होतं. मागे कुणीतरी ओरडत होतं आणि ती अगदी हळू बोलत होती. "खुनी म्हणून गेला तर आईला काय सांगू, तेवढं सांगा."

फोन ठेवल्यावर अनंतरावांनी हेडफोन पद्मजाबाईंपुढे सरकवला. "मला काहीतरी सांगायचंय. कदाचित मूर्खपणा असेल."

त्यांनी पुसट आवाजाचं सांगितलं. पद्मजाबाईंनी हेडफोन लावला, डोळे मिटले, आणि हेडफोन काढून टेबलावर आपटला.

"हे काल का नाही सांगितलंत?"

"वाटलं, कानच..."

"अनंतराव, तुमच्या कानांवर माझा पूर्ण भरवसा आहे. तुमच्या तोंडावर नाही. तो मुलगा तिकडे मरतोय." त्या खिडकीपाशी गेल्या. "हे कशामुळे होतं?"

"कॉलेजच्या यंत्राची पुस्तिका घरी आहे. रद्दीत जात होती, मी..."

"मग अजून इथे का उभे आहात?"

---

चार वाजता मोडकांच्या खोलीत सगळे जमले. खुर्चीवर कुणी बसलं नाही. सलिल दाराशी, अभिनव खिडकीत, आनंदीताई सतरंजीवर ताठ. दीपमाला दवाखान्यातून थेट आली होती. तेजस शस्त्रक्रियेतून बाहेर आला होता, शुद्धीवर नव्हता. जगदाळ्यांच्या हातात मोहोरबंद पाकीट होतं.

"प्रयोगशाळेतून परत आलाय," ते म्हणाले. "तुकड्यावर ठसे फक्त मयताचे. खास तुमच्यासाठी आणलाय मॅडम. सही करून घेणार."

अनंतराव यंत्रापुढे बसले. तपकिरी तुकड्यापुढे त्यांनी कोरी पट्टी जोडली आणि फीत यंत्रात ओवली. इतकी वर्षं मधे गेली, पण बोटांना आठवत होतं.

"आधी साधी गोष्ट," पद्मजाबाई म्हणाल्या. "साइटवरची बैठक बेचाळीस मिनिटांची आहे. मोडकांच्या कार्डावर अठ्ठावन्न. सोळा मिनिटं कुठे गेली? तेजस अख्खं गाणं वाटण्यासाठी मार खाणारा मुलगा. तो कापेल कशाला?"

"वेळ नसेल," जगदाळे म्हणाले.

"असेल. म्हणून दुसरी गोष्ट ऐका. सांगा, अनंतराव."

सगळे आपल्याकडे बघताहेत हे पाहून अनंतरावांनी नजर यंत्रावर खिळवली. पण दीपमालाही बघत होती.

"फीत वर्षानुवर्षं गुंडाळून ठेवली," ते म्हणाले, "की एका वेढ्यावरचा आवाज शेजारच्या वेढ्यावर पुसट उमटतो. बाहेरच्या वेढ्यावर जास्त. शेवट बाहेर ठेवला, तर तो पडसाद मूळ आवाजानंतर येतो आणि त्यातच बुडतो. म्हणून मोडक कधी फीत उलटी गुंडाळत नसत. लाल टोक बाहेर. पण सुरुवात बाहेर ठेवली, तर पडसाद आधी येतो. साइटवरच्या मुद्रणात बाई बोलायच्या आधी त्यांचा आवाज ऐकू येतो. मला वाटलं होतं, माझे कान..." ते थांबले. "नाही. येतोच."

"म्हणजे ती बैठक या खोलीतल्या फितीवरून घेतलेलीच नाही," पद्मजाबाई म्हणाल्या. "दुसऱ्या फितीवरून घेतलीय, पन्नास वर्षं सुरुवात बाहेर ठेवलेल्या. मोडकांचं कार्ड म्हणतं, यंत्रे दोन. दुसरं कुणाचं? घरची बैठक होती. घर कुणाचं?"

सलिलची नजर आनंदीताईंकडे गेली.

"सलिलला फिती नकोच होत्या. त्याने मारलं असतं तर एक फीत नेली नसती, सगळ्या जाळल्या असत्या. फाटकांना ती फीत हवी होती, पण विकायला. ते ती फुकट वाटणार नाहीत, त्यांचा जीव जाईल. उरलं शिरगावकरांचं घर. आनंदीताई, तुमच्याकडे यंत्र नव्हतं म्हणालात. मग समईखाली फीत गुंडाळायची स्पूलची रिकामी चकती कशी?"

अनंतरावांच्या डोळ्यांपुढे ती तीन भोकं आली. चाळीस वर्षं असल्या चकत्या कपाटात लावल्या आणि त्यांना ते खेळण्याचं चाक वाटलं होतं.

"कुणीतरी दिली असेल," आनंदीताई म्हणाल्या. "मी वर्गात होते. बारा जणींनी पाहिलंय."

"पावणेपाच ते पाच कुणीही तुम्हाला पाहिलं नाही. सगळ्यांचे डोळे मिटलेले होते. तुमचाच नियम. मोडकांना तेजसआधी ज्या एका माणसाला विचारायचं होतं, ते तुम्ही. बायका खर्ज भरत होत्या, तुम्ही जिना चढून आलात. मोडक म्हणाले, अख्खी बैठक देणार, शेवटासकट. तुम्ही नाही म्हणालात. त्यांनी फीत छातीशी धरली. तुम्ही यंत्राची गवसणी पुढे धरलीत, साडीवर उडू नये म्हणून, आणि सात वेळा हातोडी घातलीत. खाली बारा बायका षड्ज लावून बसल्या होत्या. फीत ओढताना टोक मेलेल्याच्या मुठीत राहिलं. गवसणी आणि फीत तुमच्या वर्गाच्या पिशवीतून बाहेर गेली. बाईंच्या पिशवीत कोण बघतो? सहा वीसला तुमच्याजवळचं, शेवट कापून टाळ्या चिकटवलेलं मुद्रण त्या मुलाच्या साइटवर पाठवलंत. लोक त्याला धरतील, आणि जगाकडे तुम्हाला हवी तेवढीच आई राहील."

"हे सगळं तुमच्या डोक्यात आहे."

"मुठीतही आहे. साइटवरच्या गाण्याचा शेवट टाळ्यांचा. खऱ्या फितीचा शेवट तुमच्या समोर ओवलाय. तीन सेकंद. टाळ्या असल्या तर मी तुमची माफी मागेन. लावा, अनंतराव."

आनंदीताई उठल्या ते कुणाला दिसलंच नाही. कोपऱ्यातला माइकचा लोखंडी स्टँड त्यांच्या दोन्ही हातांत होता. तो यंत्रावर येणार हे अनंतरावांना कळलं. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी विचार न करता काही केलं. उजवा हात पसरून फितीवर ठेवला.

हाडं मोडल्याचा आवाज सगळ्यांनी ऐकला. स्टँड दुसऱ्यांदा वर गेला तेव्हा दीपमाला आनंदीताईंच्या अंगावर कोसळली. दोघी तानपुऱ्यावर आदळल्या, भोपळा फुटला. जगदाळ्यांनी स्टँड हिसकावला. त्यांच्याही कपाळाला खोक पडली.

अनंतरावांच्या तीन बोटांचा आकार बदलला होता. नखांतून रक्त यंत्राच्या कडेवर ओघळत होतं. फीत जागच्या जागी होती.

"डाव्या हाताने लावतो," ते म्हणाले.

खटका दाबला. कोरी पट्टी सरकली. मग खरखर, कुठेतरी एका माणसाचं दबलेलं हसू, आणि त्यावर तीच बाई. पण हुकमी नाही, थकलेली, रडू गिळणारी.

"बंद करा ते."

लाल पट्टी यंत्रातून सुटून फडफडली.

आनंदीताई जमिनीवर बसल्या होत्या, केस सुटलेले. "वरचा सा फाटला," त्या म्हणाल्या. "पुन्हा लावला, पुन्हा फाटला. कुणीतरी हसलं. मी नऊ वर्षांची होते, तानपुरा माझ्या हातात होता. आई सोळा मिनिटं झगडली. मग म्हणाली, बंद करा. मोडकांनी बंद केलं नाही. त्यानंतर आई कधी गायली नाही. आणि तो माणूस मला म्हणतो, ते आता लोकांचं आहे. मी म्हटलं, तिने नाही म्हटलं होतं. तर म्हणाला, त्याने काय फरक पडतो." त्यांनी डोळे मिटले. "गवसणी माझ्या तानपुऱ्याच्या पिशवीत आहे. फीत जाळली."

पद्मजाबाई त्यांच्यासमोर खाली बसल्या. "तुमचं म्हणणं बरोबर होतं," त्या म्हणाल्या. "हातोडी बरोबर नव्हती. आणि त्या पोराला अडकवणं तर मुळीच नव्हतं."

---

रविवारी अनंतराव हाताला प्लास्टर घालून दवाखान्यात गेले. तेजसच्या मनगटात बेडी नव्हती, तिचा निळा वळ तेवढा होता. दीपमाला त्याला चमच्याने पेज भरवत होती. तिने अनंतरावांना वाकून नमस्कार केला. ते इतके गडबडले की खुर्चीला अडखळले.

त्यांनी तेजसला ते तीन सेकंद कसे होते ते सांगितलं. तेजसने पेज बाजूला सारली. मग दीपमालाकडून फोन घेऊन एका बोटाने काहीतरी केलं.

"काढलं मी साइटवरून. पण अकराशे लोकांनी उतरवून घेतलंय, काका. ते नाही काढता येत."

"अकराशे एक," अनंतराव म्हणाले.

बाहेर येऊन ते बसथांब्यावर बसले. फोन डाव्या हातात धरायला अवघड जात होता. मनात आलं, एकदा ऐकावं, फक्त सुरुवात. इतकं सुंदर त्यांनी कधीच ऐकलं नव्हतं, आणि कुणालाही कळणार नव्हतं. त्यांनी हेडफोन कानात घातला. खरखर सुरू झाली. तीन सेकंद आधीचा तो आवाज विहिरीच्या तळातून वर येऊ लागला.

त्यांनी मुद्रण थांबवलं आणि पुसून टाकलं. बस आली तेव्हा हेडफोन अजून कानातच होता, आणि त्यात काहीच वाजत नव्हतं.